खिडकीतला नारळ

मी राहायला आले तेव्हा काकांनी मला पाण्याचा नळ दाखवला नाही की दिव्याची बटणं दाखवली नाहीत. आधी नारळ दाखवला.

माजघराच्या खिडकीत, लाकडाच्या छोट्या बैठकीवर, सोललेला आणि शेंडी राखलेला नारळ होता. शेंडीचं टोक खिडकीबाहेर, गडग्यापलीकडच्या, म्हणजे दगडी कुंपणापलीकडच्या, घराकडे वळवलेलं. देवाचा असेल म्हणून मी हात जोडले.

"हात जोडू नका," काका म्हणाले. "आणि हात लावू तर नकाच. एकट्यान तर नायच नाय."

मी गुरांची डॉक्टर. कोल्हापूरकडची. फोंडाघाट उतरून शिरोड्याच्या बाजूच्या या गावात सरकारी दवाखान्यात आले, तेव्हा एकट्या बाईला खोली द्यायला कुणी तयार नव्हतं. काकांनी मात्र एका शब्दात दिली. मला वाटलं, माणूस दिलदार आहे. दिलदार होतेच, पण त्यांना भाडेकरू नको होता, 'दुसरं माणूस' हवं होतं. घरात ते आणि काकी, दोघंच. आणि काकी त्या नारळाच्या आसपास फिरकायला तयार नव्हत्या. "माका त्या भानगडीत घेव नको," असं त्यांनी नवऱ्याला कधीच सांगून टाकलं होतं.

काका वायुदलातून निवृत्त झालेले. पायलट नव्हते. लढाऊ विमानाच्या पोटाखाली आणि पंखांखाली जे काही लटकवायचं असतं, ते लटकवणाऱ्यांतले. गावात सगळ्यांना ते माहीत होतं आणि गावाला त्यात फारसं काही वाटत नव्हतं. पलीकडच्या घरातले त्यांचे चुलतभाऊ, ज्यांना सगळी वाडी धाकटे म्हणायची, ते तर चारचौघांत सांगायचे, "आमचो थोरलो विमानां पुसूक गेल्लो." काका ऐकून न ऐकल्यासारखं करायचे.

विमानाचं नाव ते कधी सांगत नसत. 'मशीन' म्हणायचे. ते मशीन कशासाठी राखून ठेवलेलं होतं, हेही सांगत नसत. मी एकदा जेवताना सरळच विचारलं, "काका, तुम्ही खरंच अणुबॉम्ब चढवलाय का विमानावर?"

त्यांनी भातावर सोलकढी ओतून घेतली. "माका म्हायत नाय," म्हणाले. "आणि म्हायत असता, तरी म्हायत नाय."

मग बऱ्याच वेळाने, पान पुसून झाल्यावर, एवढंच म्हणाले की सरावाला जी वस्तू यायची ती खरी की नकली हे विचारायचं नसतं. आपण ती खरीच आहे असं समजून हात लावायचा. समोरच्यानेही ती खरीच आहे असं समजलं पाहिजे. सगळं काम त्या समजण्यावर चालतं. 'वस्तू' हाच त्यांचा शब्द होता. बॉम्ब हा शब्द मी त्यांच्या तोंडून कधी ऐकला नाही.

त्या वस्तूचा पहिला नियम असा की तिच्याजवळ एकटा माणूस कधी नसतो. कितीही विश्वासाचा असो, कितीही वरचा असो. दोघं हवेत, आणि दोघांनाही काम कळत असलं पाहिजे, म्हणजे एकाचं डोकं फिरलं तर दुसरा थांबवेल. काकांनी हा नियम नोकरीबरोबर सोडून न देता घरी आणला. गॅसचा सिलिंडर बदलायचा तर दोघं. पंपाचा फ्यूज घालायचा तर दोघं. देव्हाऱ्यातल्या समईत वात सरकवायलासुद्धा ते काकींना हाक मारायचे आणि काकी स्वयंपाकघरातून ओरडायच्या, "देव काय उडान जातलो?" मला मात्र हे पटायचं. बुजलेल्या म्हशीला एकट्याने सुई टोचायला गेलेल्यांची मोडलेली हाडं मी पाहिलेली होती.

दुसरी खोड हत्यारांची. त्यांच्या पडवीत एक फळी होती. तिच्यावर प्रत्येक पान्याची, पक्कडीची, स्क्रू ड्रायव्हरची आकृती पांढऱ्या रंगाने काढलेली. काम संपलं की हत्यार आपल्या आकृतीवर परत गेलंच पाहिजे. एक पाना विमानात राहिला तर विमान उडत नाही, सगळे कामाला लागतात आणि तो सापडेपर्यंत कुणी जेवत नाही. एका चतुर्थीला वाडीतल्या पोरांनी गणपतीच्या मागच्या दिव्यांची माळ लावायला त्यांचा स्क्रू ड्रायव्हर नेला. विसर्जनाची वेळ झाली, गणपती डोक्यावर घ्यायला माणसं उभी, टाळ वाजायला लागले, आणि काका दारात आडवे. फळीवर एक आकृती रिकामी होती. वाडी हसली, चिडली, शेवटी शोधायला लागली. तो मखराच्या मागे कापसात निघाला. "आता जावा," काका म्हणाले, आणि स्वतः सगळ्यात पुढे होऊन आरती म्हणायला लागले.

गोव्याच्या बाजूने समुद्रावरून लढाऊ विमानं जायची. अख्खी वाडी अंगणात येऊन वर बघायची. काका जमिनीकडे बघायचे, भोवताली काही पडलं तर नाही ना ते. मी खूप चिडवायचे त्यांना त्यावरून.

आता त्या नारळाचं सांगते.

काका आणि धाकटे यांच्यामधला गडगा एका पावसात ढासळला. धाकट्यांनी तो परत रचला. रचताना तो वीतभर अलीकडे आला, असं काकांचं म्हणणं. धाकट्यांचं म्हणणं, आला नाही, होता तिथेच आहे, थोरल्याचे डोळे विमानाच्या धुराने गेलेत. त्या दिवसापासून दोन्ही घरांत बोलणं बंद. फक्त गणपतीचे दिवस सोडून. कारण दोन्ही घरांचा गणपती एकच, तो थोरल्या घरी म्हणजे काकांकडे बसायचा, आणि त्याच्यावरची माटवी धाकटे बांधायचे. रानातली फळं, कवंडाळं, सुपारीचे घोस लावून तशी माटवी बांधणारा आसपास दुसरा नव्हता. त्या दिवसांत दोघं भाऊ एका पंगतीला बसायचे. गौरी-गणपती गेले की पुन्हा तोंडं फिरवायचे.

भांडण हाताबाहेर गेलं तर इथे एक शेवटची गोष्ट करतात. देवीकडे दुसऱ्याच्या नावाने नारळ ठेवतात आणि शपथ घालतात. मग देवी निवाडा करते. करायची तेव्हा करते, कुणावर करते ते सांगता येत नाही, घरातल्या लहान पोरावरही येऊ शकतं असं लोक मानतात. आणि शपथ सुटेपर्यंत ती दोन घरं एकमेकांचं पाणीही पीत नाहीत. म्हणजे गणपती दोन जागी. एकदा दोन जागी गेलेला गणपती परत एका घरी आलेला कुणी पाहिलेला नाही.

काकांनी खिडकीत ठेवला होता तो हा नारळ. पहिल्यांदा आपण देवीपुढे ठेवायचा नाही. पण त्याने ठेवला, तर आपला गेलाच पाहिजे, आणि तो जाणार हे त्याला रोज सकाळी दात घासताना दिसलं पाहिजे. एवढं साधं होतं ते. देशाचं अणुबॉम्बचं धोरणच त्यांनी गडग्यावर आणून ठेवलं होतं. ठरावीक दिवसांनी ते मला हाक मारायचे. एकाने नारळ कानाशी हलवून पाणी आहे का ऐकायचं, दुसऱ्याने बघायचं. पाणी आटलं असलं तर नवा. "सुको नारळ दाखवन कोण भियाता?" ते म्हणायचे.

मला हा सगळा खुळेपणा वाटायचा, आणि तसं मी बोलूनही दाखवलं होतं. "ठेवायचाच नाही तर मांडून कशाला ठेवायचा?"

"ठेवचो नाय म्हणान तर मांडून ठेवलंय," ते म्हणाले आणि हत्यारं पुसायला गेले.

त्या वर्षी सीमेवर तणाव होता. टीव्हीवर माणसं गळ्याच्या शिरा ताणून ओरडत होती. तिठ्यावरच्या चहाच्या टपरीवर कुणीतरी म्हणालं, एकदाचा टाकून मोकळे व्हा. काका ग्लास खाली ठेवून उठले. "टाकल्यार मोकळो कोण होतलो, ता सांग," म्हणाले. त्या दिवशी घरी येताना ते पहिल्यांदा आपण होऊन बोलले. विमान सज्ज करून ठेवायचं, पायलट आत बसून राहायचा, हे खाली उभे. कधी इंजिन सुरू व्हायचं, विमान धावपट्टीच्या टोकापर्यंत जायचं, आणि परत यायचं. त्यांची सगळी नोकरी अशा न झालेल्या उड्डाणांत गेली आणि त्याचा त्यांना अभिमान होता. क्षेपणास्त्र सुटलं की सुटलं, त्याला मागून हाक मारता येत नाही. विमान मात्र हवेत गेलं तरी परत बोलावता येतं. त्यात माणूस असतो, तो ऐकतो. "माका म्हणान मशीन आवाडता," ते म्हणाले. "ता वळता."

त्यानंतर थोड्याच दिवसांनी, चतुर्थी तोंडावर आली असताना, मासे घेऊन येणारी बाई सकाळी पडवीत टोपली उतरवून काकींच्या कानाला लागली. "धाकट्यान देवीकडे नारळ ठेवल्यान. म्या माझ्या डोळ्यांन बघलंय."

"नवसाचो असात," काकी म्हणाल्या.

"नवसाचा गाऱ्हाणा हळू घालतत? गुरवाच्या कानात सांगल्यान नि गुरवानय हळूच घातल्यान. बाजूच्या माणसाक आयकाक येवचा नाय."

काकींनी हातातले बांगडे टोपलीत परत टाकले. गाऱ्हाणं, म्हणजे गुरवाकरवी देवाला घातलेलं साकडं, इथे मोठ्याने घालतात. गावाने ऐकावं, मागून सगळ्यांनी होकार द्यावा, म्हणूनच ते घालायचं असतं. पुटपुटून घातलेल्या गाऱ्हाण्याचा अर्थ इथे पोराटोरांनाही कळतो. ते भाऊबंदाच्या नावाचं असतं.

घटकाभरात वाडी गोळा झाली. एक म्हणाला, गुरवाला विचारा. पण दुसऱ्याचं गाऱ्हाणं गुरव सांगत नाही. कुणी म्हणालं, धाकट्याला विचारा. पण बोलणं बंद. काकी रडायला लागल्या. "तेची शपथ आधी पडली. आता आमी गप रवलो तर देवी म्हणतली, ह्येंचीच चूक. जा, ठेय नारळ. आजच्या आज ठेय."

आणि खरं सांगते, माझंही तेच मत झालं होतं. धाकट्यांनी माझ्याबद्दल गावभर काय काय पसरवलं होतं ते मला माहीत होतं. गुरांची डॉक्टर माणसांत का झोपते, इथपर्यंत. माझं डोकं तापलेलं होतं. म्हटलं, होऊन जाऊ दे.

काका खुर्चीवर बसले होते, गुडघ्यांवर हात ठेवून. मला त्यांची अडचण स्वच्छ दिसत होती. बातमी खरी असेल आणि ते गप्प बसले, तर इतकी वर्षं खिडकीत ठेवलेल्या त्या नारळाला काडीची किंमत नाही. बातमी खोटी असेल आणि ते ठेवून आले, तर पहिला वार त्यांचा. आणि दोन्हीकडून गणपती गेलाच.

ते उठले. इस्त्रीचा पांढरा सदरा घातला. खिडकीशी जाऊन मला हाक मारली. "डॉक्टर, धरा."

आम्ही दोघांनी नारळ उचलला. त्यांनी हलवून बघितला, मी ऐकला. पाणी होतं.

"मी देवळाकडे जातंय," ते सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले. "डॉक्टर माझ्यावांगडा येतत. देवळाच्या पायरेर मी त्येंका विचारतलंय. त्येनी हो म्हटल्यानी तर ठेवतलंय. नाय म्हटल्यानी तर परत."

"काका, मी आत्ताच सांगते—"

"आता नको. थंय सांगा."

देवळाकडे जायला घरामागून शेताच्या मेरेवरून जवळची वाट होती. काका त्या वाटेने गेले नाहीत. रस्त्याने गेले. नारळ दोन्ही हातांत छातीसमोर धरून, रस्त्याच्या मधोमध, इतके सावकाश की माझे पाय अडखळायला लागले. स्कूटर काढू का, असं कुणीतरी विचारलं होतं, त्याला त्यांनी नजरेनेच गप्प केलं होतं. धाकट्यांच्या बेड्यासमोरून, म्हणजे त्यांच्या फाटकासमोरून, जाताना त्यांनी मान वळवली नाही. मी वळवली. धाकटे खळ्यात माटवीसाठी सुपाऱ्या निवडत बसले होते. त्यांनी नारळ बघितला. हातातला घोस खाली पडला.

पुढे गेल्यावर मागे पावलं वाजायला लागली. धाकटे अनवाणी येत होते, दहा हातांवरून. थांबवायचं तर बोलायला हवं, आणि बोलायचं कसं? आम्ही थांबलो की तेही थांबायचे. काका तळीजवळ थांबले, चपलेचा अंगठा नीट केला. तो नीटच होता. मग पुढे निघाले. पिंपळाजवळ पुन्हा थांबले. सदऱ्याची बाही खाली केली, परत वर केली. आता देऊळ दिसायला लागलं होतं. पायरीवर काय उत्तर द्यायचं ते मला अजून ठरवता येत नव्हतं. घरून निघताना हो होतं. आता त्या अनवाणी पावलांचा आवाज ऐकून काय होतं, कोण जाणे.

"डॉक्टरबाई," मागून आवाज आला. "त्येंका सांगा, माझो नारळ त्येंच्यावर नाय."

काका थांबले. मागे बघितलं नाही. "डॉक्टर, त्येका विचारा, मगे कोणावर?"

दोघांच्या मध्ये मी. दोघांनाही एकमेकांचं स्वच्छ ऐकू येत होतं, तरी मी निमूटपणे विचारलं, "कुणावर ठेवला नारळ?"

"कोणावर नाय. चेडवासाठी ठेवलंय."

"विचारा, चेडवाक काय झाला?"

"काय झालं तुमच्या मुलीला?"

धाकटे पिंपळाच्या पाराकडे बघत राहिले. "परीक्षा दिल्यान. निकाल येवचो आसा. पास झाला तर भरती होतला." मग खूप हळू, गुरवाच्या कानात सांगितलं असेल तितकं हळू, म्हणाले, "विमानां पुसूक."

काका वळले. इतक्या वर्षांत चतुर्थीच्या पंगतीबाहेर ते धाकट्यांच्या तोंडाकडे पहिल्यांदा बघत होते. धाकट्यांनी मान खाली घातली होती. आता कळलं ते गाऱ्हाणं हळू का घातलं. ज्या कामाची आयुष्यभर टिंगल केली, तेच काम पोरीला मिळू दे म्हणून देवीपुढे उभं राहायचं, आणि तेही गावाने ऐकायचं? मला हसू यायला हवं होतं. पण माझे डोळे भरून आले, आणि माझा सगळा राग कुठल्या कुठे गेला.

"डॉक्टर," काका म्हणाले. "पायरी अजून येवची आसा. पण आताच सांगा. तुमचा काय?"

"परत," मी म्हटलं.

"परत," काका म्हणाले, आणि फिरले. धाकट्यांच्या जवळून जाताना, रस्त्याकडे बघत, मला म्हणाले, "त्येका सांगा, चेडवाक संध्याकाळी धाडून दी. हत्यारांची फळी दाखवतंय."

घरी येऊन आम्ही नारळ तपासला, कारण परत आलेलं मशीन आधी तपासायचं असतं. आणि काकांनी तो खिडकीत ठेवला. त्याच बैठकीवर, शेंडी त्याच दिशेला. काकी कपाळावर हात मारून म्हणाल्या, "आता कित्याक?"

"गडगो सरकलो आसा," काका म्हणाले. "तो थंयच आसा."

त्या चतुर्थीला माटवी अशी झाली होती की शिरोड्याहून माणसं बघायला आली. मुलगी पास झाली. पुढे माझी बदली झाली. काका वारल्याचं कळलं तेव्हा मला जायला जमलं नाही, मी गेले ती चतुर्थीलाच.

काकी गणपतीसमोर बसल्या होत्या. मी आत गेले आणि सवयीने खिडकीकडे बघितलं. नारळ होता. काळपटलेला, जुना. मला वाटलं, काका होते तेव्हाचाच असेल, काकींच्याने हलवला गेला नसेल. तेवढ्यात मागच्या दाराने धाकटे आले, हातात नवा नारळ. ताजा सोललेला, शेंडी नीट बांधलेली.

"तुम्ही?" मी म्हटलं. "तुमच्याच घरावर रोखलेला नारळ तुम्ही बदलता?"

धाकट्यांनी खिडकीतून आपल्या घराकडे बघितलं. "थंय नारळ नसलो," ते म्हणाले, "तर माका गडगो आजून वीतभर सरकवचोसो वाटतलो."

मग जुन्या नारळापुढे हात नेला आणि तो तसाच अधांतरी थांबवून माझ्याकडे बघितलं.

"येवा, डॉक्टर. धरा. एकट्यान हात लावूचो नसता."